जहाज पकडलं, पण ते घरी न्यायचं कोणी?

प्रश्न असा आहे की शिडांच्या जमान्यात आणि पुढे महायुद्धांतसुद्धा शत्रूचं जहाज पकडलं की त्याच्यावर आपली दहा-पंधरा माणसं चढवायचे आणि ते आपल्या बंदराकडे पाठवून द्यायचे, तर एवढ्या कमी लोकांत ते जहाज चालायचं कसं, आणि मूळचे खलाशी बंड करून जहाज परत का घ्यायचे नाहीत.

मी नोकरीची सगळी वर्षं मर्चंट नेव्हीत इंजिन साइडला काढली, शेवटी चीफ इंजिनिअर होतो. युद्धात जहाज वगैरे काही पकडलेलं नाही, उगाच गैरसमज नको. पण विकलेलं जुनं जहाज परक्या बंदरात जाऊन ताब्यात घ्यायचं, जुना क्रू बॅगा घेऊन गँगवेनं उतरतोय, आपण मोजक्या माणसांनिशी चढतोय आणि दुसऱ्या दिवशी सकाळी निघायचंय, हे बऱ्याचदा केलंय. त्यामुळे ज्यांना प्राईझ क्रू म्हणतात त्या लोकांची नेमकी कुठे तंतरत असेल याचा अंदाज आहे. प्राईझ म्हणजे युद्धात कायद्यानं पकडलेलं जहाज, त्याच्यावर पाठवलेला ऑफिसर तो प्राईझ मास्टर, आणि त्याची माणसं ती प्राईझ क्रू.

आधी संख्येचं बोलू. युद्धनौकेवर शेकडो माणसं असायची ती मुख्यतः तोफांसाठी, शिडांसाठी नाही. लढाई नसेल तर नुसतं जहाज हाकायला त्यातली थोडीच पुरतात. आणि व्यापारी जहाजाचा मालक तर पहिल्यापासून चिकट, एक माणूस जास्त घेणार नाही, त्यामुळे मध्यम आकाराचं व्यापारी जहाज पंधरा-वीस खलाशांवर चालायचं आणि तेच जहाज आठ-दहा जण रेटून नेऊ शकायचे. फक्त वरची शिडं आधीच उतरवून ठेवायची, कापड कमी लावायचं, वेग गेला तर गेला. कारण रात्री एकाएकी वारा वाढला तर शिडं गुंडाळायला वर चढणार कोण?

खरी अडचण झोपेची. चार तास वॉच, म्हणजे पहाऱ्याची पाळी, आणि चार तास आराम असं धरलं तर दहातले पाच डेकवर. त्यातला एक सुकाणूवर, एक पुढे नजर ठेवायला, एक ऑफिसर, उरले दोन. आता या दोघांनी दोर ओढायचे की कैद्यांवर पहारा द्यायचा? आठ-दहा दिवसांनी माणूस उभ्या उभ्या पेंगायला लागतो, हे मी पगारी नोकरीत अनुभवलंय, तिथे तर उशाला पिस्तूल घेऊन झोपायचं होतं. म्हणून पहिला नियम हा की मूळचे खलाशी जितके काढता येतील तितके काढून पकडणाऱ्या जहाजावर न्यायचे आणि प्राईझवर दोन-चारच ठेवायचे. कप्तानाला किंवा त्याच्या एखाद्या ऑफिसरला मात्र बहुतेक वेळा न्यावंच लागायचं, कारण पुढे प्राईझ कोर्टात त्याची साक्ष व्हायची, ठरलेली प्रश्नावली असायची, जहाज कोणाचं, माल कोणाचा, कुठून कुठे चाललेलं. जहाजाची कागदपत्रं सीलबंद करून न्यायची, मालाला हात लावायचा नाही, कोर्टानं निकाल दिल्याशिवाय ते जहाज तुमचं नाहीच. आणि दारूचं कोठार सगळ्यात आधी कुलपात. आपल्याच लोकांपासून, हो.

प्राईझ मास्टर म्हणून कोणाला पाठवायचे हेही बघण्यासारखं आहे. चांगले ऑफिसर पकडणाऱ्याला स्वतःला हवे असायचे, मग पोरंटोरं पाठवायची. १८१३ साली पॅसिफिकमध्ये अमेरिकेच्या एसेक्स या फ्रिगेटनं इतकी जहाजं पकडली की ऑफिसर संपले, तेव्हा डेव्हिड फॅरागट नावाच्या मिडशिपमनला, म्हणजे शिकाऊ ऑफिसरला, बार्कले नावाचं देवमासे मारणारं जहाज घेऊन चिलीतल्या वालपरायझोला जायला सांगितलं. वय वर्षं १२. जहाजाचा म्हातारा कप्तान जहाजावरच होता आणि या पोराचं ऐकायचं म्हणून धुमसत होता. निघायच्या वेळी फॅरागटनं मेन टॉपसेल, म्हणजे मुख्य डोलकाठीवरचं एक शीड, वाऱ्यानं भरून घ्या म्हणून सांगितलं, तर कप्तान ओरडला की माझ्या हुकुमाशिवाय कोणी दोराला हात लावला तर गोळी घालीन, आणि पिस्तुलं आणायला खाली गेला. पोरगं जागेवर उभं राहिलं, आपल्या भरवशाच्या खलाशाला बोलावून सांगितलं की टॉपसेल भरायचंय, तो म्हणाला हो साहेब, झालं. मग कप्तानाला खाली निरोप धाडला, पिस्तूल घेऊन वर आलात तर समुद्रात जाल. जहाज नीट बंदराला लागलं. हाच फॅरागट पुढे अमेरिकन नेव्हीचा पहिला ॲडमिरल झाला. पण गोष्टीतला माझा माणूस फॅरागट नाही, तो हो साहेब म्हणणारा खलाशी आहे. त्यानं त्या क्षणी नुसतं कप्तानाकडे बघितलं असतं तर खेळ खलास होता.

आता बंडाकडे येतो. बंडं होत होती, आणि ज्या दोन मला सगळ्यात आवडतात त्या दोन्हींत एक गंमत आहे, दोन्हीकडे कुक आहे. का ते उघड आहे. खलाशी काढून नेले तरी प्राईझ क्रूला जेवायला तर लागणार, मग कुक आणि स्टुअर्ड ठेवून घेतात. कुक सगळीकडे फिरतो, केबिनमध्ये चहा घेऊन जातो, कोण कधी झोपतो त्याला माहीत, हातात सुरी असली तरी कोणी विचारत नाही.

पहिली गोष्ट जुलै १८६१ ची, अमेरिकन यादवी युद्धातली. दक्षिणेच्या जेफरसन डेव्हिस नावाच्या प्रायव्हेटीयरनं, म्हणजे सरकारी परवाना घेऊन लुटणाऱ्या खाजगी जहाजानं, एस. जे. वेअरिंग नावाचं स्कूनर पकडलं आणि पाच माणसं चढवून दक्षिणेकडे धाडलं. त्यावर विल्यम टिलमन नावाचा कृष्णवर्णीय कुक-स्टुअर्ड होता, त्याला कळलं की बंदरात पोचलो की आपल्याला गुलाम म्हणून विकणार आहेत. १६ जुलैच्या रात्री प्राईझ मास्टर आणि त्याचे दोन मेट, म्हणजे हाताखालचे ऑफिसर, झोपलेले असताना टिलमननं कुऱ्हाडीनं तिघांना संपवलं, उरलेल्या दोघांना सांगितलं की मदत करा, जगाल. नेव्हिगेशन येणारं आता जहाजावर कोणी उरलेलं नव्हतं, तरी किनाऱ्याच्या अंदाजानं जहाज न्यूयॉर्कला आणलं. कोर्टानं त्याला जहाज वाचवल्याबद्दल ६,००० डॉलर दिले.

दुसरी गोष्ट पुढच्याच वर्षाची आणि एकही माणूस न मारता झालेली. मार्च १८६२ मध्ये एमिली सेंट पिअर हे ब्रिटिश जहाज चार्ल्सटनजवळ उत्तरेच्या नेव्हीनं पकडलं, पंधराएक माणसांची प्राईझ क्रू चढवली आणि फिलाडेल्फियाकडे पाठवलं. मूळच्यांपैकी कप्तान विल्यम विल्सन, कुक आणि स्टुअर्ड, एवढे तिघेच ठेवले. तीन विरुद्ध पंधरा, कोण काळजी करणार? तिसऱ्या दिवशी पहाटे या तिघांनी आधी झोपलेल्या मेटच्या तोंडात बोळा कोंबून त्याला बांधला. मग विल्सन डेकवर जाऊन प्राईझ मास्टरला म्हणाला, जरा चार्ट बघायला खाली या, तो बिचारा आला, त्याचंही तेच. मग वॉचवरच्या तिघांना सांगितलं की लेफ्टनंटसाहेबांना मागच्या कोठारातला दोराचा गुंडाळा हवाय, तिघं आत उतरले, वरून झाकण बंद. बाकीचे झोपले होते तिथेच कोंडले. मग हेच जहाज तिघांनी अटलांटिक ओलांडून लिव्हरपूलला नेलं, ३० दिवस लागले, वाटेत वादळही झेललं, आणि त्या तिघांतले दोघे मुळात स्वयंपाकघरातले. अमेरिकेनं जहाज परत मागितलं, ब्रिटननं दिलं नाही.

नीट बघा, इथे ताकद कुठेच नाही. झोप आहे, आणि जहाजाची माहिती आहे. कुठलं कोठार बाहेरून बंद होतं हे विल्सनला माहीत, प्राईझ क्रूला नाही.

वादळात तर सगळा हिशोबच फिरतो. ट्राफल्गरची लढाई २१ ऑक्टोबर १८०५ ला झाली, ब्रिटिशांनी फ्रेंच आणि स्पॅनिश मिळून १७ जहाजं पकडली, आणि लगेच जे वादळ आलं ते आठवडाभर. डोलकाठ्या तुटलेल्या, तळाशी गोळ्यांची भोकं, पोटात जखमी आणि कैदी भरलेले, वर मूठभर परके खलाशी, आणि वारा किनाऱ्याकडे ढकलतोय. काही जहाजं बुडाली, काही खडकांवर गेली आणि त्यांच्याबरोबर प्राईझ क्रूची माणसंही गेली. अल्जेसिरास या फ्रेंच जहाजावर ब्रिटिश लेफ्टनंटला शेवटी कळून चुकलं की कैद्यांना वर काढल्याशिवाय जहाज वाचत नाही. काढलं. फ्रेंचांनी जहाज वाचवलं आणि ताब्यातही घेतलं, आणि स्पेनच्या कादिझ बंदरात नेलं. मला त्या लेफ्टनंटला दोष देता येत नाही, मी असतो तरी तेच केलं असतं. सगळं निभावून शेवटी जिब्राल्टरला पोचलेली प्राईझ जहाजं फक्त ४.

आणखी एक तोटा लोक विसरतात, तो पकडणाऱ्याचा. प्रत्येक प्राईझमागे दहा माणसं गेली की घरचं जहाज रिकामं होत जातं. प्रायव्हेटीयर मुद्दाम जादा माणसं भरून निघायचे ते याचसाठी, आणि ती संपली की मोहीम संपली. ऑक्टोबर १८१४ मध्ये प्रिन्स द नफशातेल या अमेरिकन प्रायव्हेटीयरवर माणसं प्राईझवर वाटून वाटून चाळीसच्या आसपास उरली होती, तेवढ्यात ब्रिटिश फ्रिगेटच्या होड्या चाल करून आल्या. त्यांनी ती चाल परतवली खरी, पण रक्ताचा सडा पडला. उलटा प्रकारही झालाय, १७७९ मध्ये जॉन पॉल जोन्स या अमेरिकन कप्तानानं सेरापिस हे ब्रिटिश जहाज जिंकलं आणि त्याचं स्वतःचं बॉनोम रिशार हे जहाज दोन दिवसांत बुडालं, मग आख्खी माणसंच प्राईझवर राहायला गेली.

एवढा जिवाचा खेळ का करायचे, तर पैसा. १७६२ साली दोन ब्रिटिश जहाजांनी हर्मियोन हे स्पॅनिश खजिन्याचं जहाज पकडलं, दोन्ही कप्तानांना प्रत्येकी सुमारे ६५,००० पौंड आणि साध्या खलाशाला सुमारे ४८५ पौंड मिळाले, जेव्हा चांगल्या खलाशाचा वर्षाचा पगार पंधरा पौंडांच्या आसपास होता. पण प्राईझ बंदरात पोचली तरच. वाटेत शत्रूनं परत घेतली तर हात हलवत या.

वाफेची जहाजं आली तेव्हा माझा प्रांत सुरू होतो. शिडाचं जहाज कुठल्याही देशाचं असलं तरी दोर ओढला की काय होणार हे खलाशाला दिसतं. इंजिन रूम तशी नसते. एकदा एक जुनं बल्क कॅरिअर ताब्यात घेतलं, व्हॉल्ववरच्या पाट्या अशा लिपीत की आमच्यापैकी कोणालाच वाचता येईना, अर्ध्या पाट्यांवर रंगाचे थर. उतरताना तिथला एक म्हातारा ऑइलर मला हाताला धरून जीएस पंपापाशी, म्हणजे सटरफटर कामांच्या पंपापाशी, घेऊन गेला, एका व्हॉल्वकडे बोट दाखवलं आणि दोन्ही हातांनी फुली करून दाखवली. मी समजलो व्हॉल्व बाद आहे, मान हलवली, थँक्यू म्हटलं. तिसऱ्या रात्री माझ्या थर्ड इंजिनिअरनं डेक धुवायला पंप लावला आणि बंद करून वर गेला, तासाभरानं बिल्ज अलार्म, म्हणजे जहाजाच्या तळाशी पाणी साठल्याचा इशारा. खाली उतरलो तर फ्लोअर प्लेटच्या फटीतून पाणी चमकत होतं. झालं असं होतं की बिल्ज लाइनचा नॉन-रिटर्न व्हॉल्व, जो पाणी एकाच दिशेनं जाऊ देतो, कचऱ्यानं उघडा अडकायचा आणि समुद्राचं पाणी उलटं आत यायचं, म्हणून जुने लोक पंप बंद केला की तो शेजारचा व्हॉल्व हातानं आवळून टाकायचे. म्हातारा तेच सांगत होता की हा उघडा ठेवू नका. त्यानंतर टेकओव्हरला माझं पहिलं काम एकच, खिशात खडू घेऊन समुद्राचं पाणी जिथून जिथून आत येतं त्या प्रत्येक व्हॉल्ववर गोल काढत फिरायचं.

आणि हे तर मित्रत्वानं दिलेलं जहाज. युद्धात निघून जाणारा माणूस व्हॉल्व मुद्दाम उघडून जातो. त्यामुळे विसाव्या शतकात प्राईझ क्रूचं खरं काम ब्रिजवर नाही, खालीच. ६ नोव्हेंबर १९४१ ला अमेरिकन क्रूझर ओमाहानं अटलांटिकमध्ये ओडेनवाल्ड हे जर्मन जहाज अडवलं, ते अमेरिकन झेंडा लावून फिरत होतं. जर्मनांनी स्फोटकं उडवली आणि होड्यांत बसले, अमेरिकन पार्टी चढली, पाणी थांबवलं, जहाज पोर्तो रिकोला नेलं. तेव्हा अमेरिका युद्धात नव्हती आणि तिथे प्राईझ मनी १८९९ मध्येच बंद झालेलं, म्हणून १९४७ मध्ये कोर्टानं ते जहाज वाचवल्याचं बक्षीस म्हणून धरलं आणि चढलेल्या प्रत्येकाला ३,००० डॉलर दिले.

कोळशाच्या काळात आणखी एक पंचाईत होती, बॉयलरला कोळसा घालणारे. ते काम येरागबाळ्याचं नाही, आणि आगवाल्यांची गरज असल्यामुळे पकडलेल्यांतलेच काही कामाला लावावे लागायचे, धाकानं नाहीतर पगार देऊन. १९१४ मध्ये बंगालच्या उपसागरात धुमाकूळ घालणाऱ्या एम्डन या जर्मन क्रूझरनं पकडलेली बहुतेक जहाजं बुडवूनच टाकली, माणसं वाटायची चैन परवडत नव्हती. फक्त कोळशानं भरलेली ठेवली, कारण तिच्याकडे बंदर नव्हतं आणि ही जहाजंच तिची कोठारं. त्यातल्या बुरेस्कवरच्या प्राईझ क्रूनं ९ नोव्हेंबरला सिडनी ही ऑस्ट्रेलियन क्रूझर अंगावर येताना बघून जहाज स्वतःच बुडवलं.

न्यायचं कुठे हाही प्रश्नच होता. जानेवारी १९१६ मध्ये मोवे या जर्मन युद्धनौकेनं अप्पाम हे ब्रिटिश प्रवासी जहाज पकडलं, लेफ्टनंट हान्स बेर्ग वीस-बावीस माणसं घेऊन चढला, जहाजावर चारशेच्या वर माणसं, आणि त्यानं ते अटलांटिक ओलांडून थेट अमेरिकेत व्हर्जिनियाला नेलं. खलाशी म्हणून कामगिरी अफाट. पण १९०७ च्या हेग कराराप्रमाणे तटस्थ देशाच्या बंदरात प्राईझ आणायची तर जहाज नादुरुस्त हवं, हवा खराब हवी, किंवा इंधन-अन्न संपलेलं हवं, आणि त्यातलं कारण संपलं की निघायचं. अमेरिकेच्या सुप्रीम कोर्टानं १९१७ मध्ये जहाज ब्रिटिश मालकांना परत दिलं. १९३९ मध्ये सिटी ऑफ फ्लिंट या अमेरिकन जहाजावरच्या जर्मन प्राईझ क्रूचंही तेच, आधी नॉर्वेतलं ट्रॉम्सो, मग रशियातलं मुर्मान्स्क, मग परत नॉर्वे, आणि हाउगसुंडला योग्य कारणाशिवाय नांगर टाकला म्हणून नॉर्वेजियन लोकांनी चढून त्यांनाच ताब्यात घेतलं.

आमच्या इंजिनवाल्यांचं दैवत मात्र यू-५०५. ४ जून १९४४, आफ्रिकेच्या पश्चिमेला, जर्मन पाणबुडी, क्रू पाण्यात उड्या मारून गेलेला, पाणबुडी अजून चालू आहे, सुकाणू अडकल्यामुळे गोल गोल फिरतेय आणि मागून बुडत चाललीय. पिल्सबरी या अमेरिकन जहाजावरून नऊ जणांची पार्टी होडीनं तिला गाठून चढली, लेफ्टनंट आल्बर्ट डेव्हिड पहिला आत उतरला. पाणी येत होतं ते एका स्ट्रेनरमधून, म्हणजे पाइपमधल्या गाळणीतून, त्याचं झाकण काढून फेकलेलं. झेनॉन लुकोशियस नावाच्या मोटर मशिनिस्टला ते झाकण तिथेच जवळ सापडलं, त्यानं ते बसवून आवळलं आणि पाणी थांबलं. झाकण गडगडत जाऊन बिल्जच्या काळ्या पाण्यात गेलं असतं तर पाणबुडी गेली असती, आणि कदाचित ते नऊही.

मग आला अर्ल ट्रोसिनो, आधीच्या आयुष्यात तेलवाहू जहाजांवरचा इंजिनिअर, पाणबुडीवर कधी काम केलेलं नाही. तो फ्लोअर प्लेटखाली बिल्जमध्ये सरपटत तासन् तास एकेक पाइप हातानं चाचपत फिरला, कुठून निघतो कुठे जातो, आणि व्हॉल्व बंद करत गेला. पाणबुडी दोर लावून ओढत नेत होते, पण बॅटऱ्या उतरलेल्या, पंप चालत नव्हते. डिझेल इंजिनं सुरू करणं धोक्याचं, कुठे काय जोडून ठेवलंय कोणास ठाऊक. त्यानं डिझेलचे क्लच सोडवले आणि ओढणाऱ्या जहाजाला वेग वाढवायला सांगितलं. पाण्याच्या जोरानं पाणबुडीचे प्रोपेलर आपोआप फिरायला लागले, म्हणजे मोटरनं त्यांना फिरवण्याऐवजी तेच मोटरला फिरवायला लागले, मोटरचा जनरेटर झाला, बॅटऱ्या भरल्या, पंप चालू झाले आणि पाणबुडी वर आली. पुढे बर्म्युडापर्यंत ओढत नेली, १९ जूनला पोचली, आणि आज शिकागोच्या म्युझियममध्ये आहे.